टाकीतला वेळ

सोमवार, ३ मार्च

शी! आज मागच्या खोलीतल्या टाकीचं झाकण उघडं होतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच आत डोकावले. आमच्या काळ-दैव खात्याच्या रांगेत लोकांचा जो वेळ जातो, तो जमिनीखालच्या नळीतून तिथे साठतो. कोमट, बुळबुळीत, वर साय धरलेला. आणि आमचे साहेब — मनात मी त्यांना बोकाच म्हणते — त्यात चमचा बुडवून चाटत होते! मला बघून मिशा पुसल्या. "तळं राखील तो पाणी चाखील, बाई! पण पातळ झालाय हो. रांग जरा हळू चालवा."

दुपारी डबा उघडला आणि तसाच बंद केला.

मंगळवार, ४ मार्च

रांगेतला एक सुतार आज परत आला. त्याची बायको शेवटच्या घटका मोजतेय. मुलगी बोटीवर आहे, यायला अजून आठवडा तरी लागेल. तेवढी मुदत वाढवून हवी, बस्स. "ताई, एकदा लेकीचं तोंड बघू दे तिला. मग खुशाल जाऊ दे." जोडलेल्या हातांना सरस चिकटलेला.

बोक्याकडे गेले. महाशय टेबलावरच नखं कापत होते! "उद्या बोलवा. रांगेत माणसं उभी राहिली नाहीत तर टाकी भरायची कशी?" आणि हसला. दातांत बिस्किटाचा लगदा.

म्हणजे सुतार बायकोसाठी वेळ मागायला उभा, आणि हे त्याचाच वेळ काढून घेणार! मढ्याच्या टाळूवरचं लोणी खाणारे मेले.

बुधवार, ५ मार्च

इथल्या प्रत्येकाच्या घरी टाकीतल्या वेळाची बाटली जाते. कुणाच्या सासूला, कुणाच्या मेहुण्याला. बोक्याच्या कुत्र्यालासुद्धा! मी एका थेंबाला हात लावलेला नाही, लावणारही नाही. आई म्हणते, "तुझं नाक फार वर." असू दे! तिचं बरं आहे. या वयात तीन जिने चढते आणि वर पोचल्यावर मलाच ओरडते — "चपला नीट ठेव!"

शुक्रवार, ७ मार्च

कडाक्याचं भांडण. सगळ्यांसमोर म्हटलं, सुताराला आठवडा द्या, नाहीतर मी वरपर्यंत जाईन. बोका शांत. "जा की. जाताना आईचं टॉनिक तेवढं परत करा."

कसलं टॉनिक?

"आपल्या खात्याच्या दवाखान्यातून दर महिन्याला नेता ते! डॉक्टरांनी हात टेकले होते ना तुमच्या आईच्या आजारापुढे? मग उठल्या कशा त्या? पुण्याईने?"

तीन वर्षं. रोज संध्याकाळी मीच पाजते, चमचासुद्धा मीच धुते. कधी वास घेऊन बघितला नाही. मोरीत जाऊन ओकले.

शनिवार, ८ मार्च

काल चमचा दिला नाही. आईने विचारलंच — "आज औषध नाही?" सांगून टाकलं सगळं. म्हणाली, "कुणाकुणाचं प्यायले गं मी?"

आज भिंत धरून चालतेय. आधार द्यायला गेले तर माझा हात झटकला. बाटली मोरीत ओतायला घेतली, अर्धी भरलेली आहे अजून. नाही ओतवली. कपाटात ठेवून दिली. शी! माझीच मला शिसारी येतेय.

रविवार, ९ मार्च

आई उठलीच नाही. ओठ सुकलेत. चमचा तोंडाजवळ नेला तर तोंड फिरवलं. "त्या सुताराच्या बायकोला दे. देशील ना?"

हो म्हटलं.

सोमवार, १० मार्च

नेलीच नाही बाटली. दुपारी शेजारणीच्या खांद्यावर भार टाकून आई ऑफिसात आली, तीन जिने कशी उतरली देव जाणे. रांगेत विचारत विचारत सुताराला गाठलं, पिशवीतून बाटली काढून त्याच्या हातात दिली. "रोज संध्याकाळी एक चमचा. लेक येईपर्यंत पुरेल." तो रडायलाच लागला.

मी काउंटरमागून धावत बाहेर गेले आणि त्याच्या हातातून बाटली हिसकावून घेतली.