चित्रात बोट नाहीये

माझ्या खडूस बाबा,

लंडनमध्ये मी मजेत आहे, वेळेवर जेवतेय. तुझा गुडघा कसाय?

माझं चित्र पहिल्यांदाच एवढ्या मोठ्या प्रदर्शनात लागलंय आणि शनिवारी तू नि तुझा बोटीवरचा जोडीदार जागोकाका बघायला येणार, म्हणून आता खरं सांगते. चित्रात आपली बोट नाहीये. तू आहेस.

मासेमारीची बोट भंगारात काढून तोडली त्या दिवशी मी तुझ्या बुटात जिवंत खेकडा सोडायला जाळ्यांच्या खोलीमागे आले होते. खिडकीतून बघते तर तू एकटाच रडत बसलेला. खेकडा माझ्या हातातच राहिला. तेच काढलंय.

"कोण गं हे?" इथल्या चित्रकलेच्या बाईंनी विचारलं.

"शेजारचे."

"शेजारच्यांचं नाक तुला कसं काय मिळालं?"

गुरुवारी आम्हाला भिंतीवरच्या चित्रावर शेवटचा हात फिरवू देतात. तुझ्या हातात एक चिरलेला कांदा काढला, की डोळ्यांतल्या पाण्याबद्दल कुणी विचारणार नाही. बुधवारी फोन करून नुसतं 'कांदा' म्हण, मी काढते. ओरडू नकोस बाबा.

काहीही ठरव, पण जागोकाकाला आणच. त्या दिवशी तो गाडीच्या काचा वर करून बसला होता. त्याच्याही हातात कांदा नव्हता.

तुझीच कार्टी,
टॅम्सिन