थांब्यावर उजवीकडून तिसरे

वन्सं, नमस्कार.

मंगळवारी सकाळी दूध तापवलं, चादरी वाळत घातल्या, जेवणाचा डबा भरला आणि तुमच्या दादांच्या घड्याळाला किल्ली दिली. वापरत कुणी नाही, पण बंद पडलेलं बघवत नाही. ते उजव्या मनगटावर बांधायचे आणि तुम्ही चिडवायचात, आठवतं ना? तेवढं लक्षात ठेवा, पुढे लागेल. (गुडघा कसा आहे? जिने चढू नका म्हटलं की तुम्ही मुद्दाम चढता, म्हणून म्हणत नाही.)

सिनेमा-टीव्हीवाल्यांना जुनी दृश्यं शोधून देण्याची माझी नोकरी तुम्हाला नऊ वर्षांत पटलेली नाही. ("बसून रिळं बघायची आणि वर पगार?") त्या दिवशी एका दिग्दर्शकाला चाळीस वर्षांपूर्वीचा बस थांबा हवा होता, कंटाळलेल्या माणसांसकट. तळघरातून रीळ आणलं, यंत्रावर चढवलं, आणि पडद्यावर आले की हो तुमचे दादा! तीच वाकलेली मान, काखेत पिशवी, घड्याळ उजव्या मनगटावर. अकरा सेकंद. किती वेळा मागे-पुढे केलं ते सांगत नाही. जेवणाचा डबा भरलेलाच घरी आला, यावरून ओळखा. आपल्याकडे त्यांचे फोटो सतरा, पण सगळ्यांत नुसते उभे. इथे माणूस हलत होता, वन्सं. मान खाजवत होता.

प्रत्येक दृश्याची नोंद करावी लागते: किती माणसं, काय करतात. मी लिहिलं, "आमचे हे, उजवीकडून तिसरे," आणि त्याची प्रत तशीच दिग्दर्शकाला पाठवून दिली. दुपारी दिग्दर्शकाचा फोन.

"बाई, 'आमचे हे' म्हणजे कोण? कुणी पुढारी का?"

"छे हो, वीज कंपनीत होते."

"बरं बरं," म्हणून त्याने फोन ठेवला.

मग आमचे यंत्रवाले काका आले, वाकून बघितलं आणि म्हणाले, "बाई, बसवरचा आकडा वाचा बरं." आकडा उलटा, आरशातल्यासारखा! रीळच मी उलट्या बाजूने चढवलं होतं. नवशिकेही अशी चूक करत नाहीत. पुडीचा कागद वाचल्याशिवाय टाकत नाही म्हणून तुम्ही मला हसता ना, तिथे चष्म्याच्या दुकानाची हातभर पाटी होती, मी एक अक्षर वाचलं नाही. काकांनी रीळ सुलट लावलं. घड्याळ डाव्या मनगटावर गेलं. मग नाकही परकं दिसायला लागलं. थोडक्यात, या वयात मी दिवसभर परक्या पुरुषाकडे टक लावून बसले. हसून घ्या.

तुमची,
वहिनी

ता. क. तुमच्या लग्नात फिल्म काढली होती ना? खुर्च्या उचलताना ते मागून कुठेतरी गेले असतील. पाठमोरेही चालतील. माळ्यावरून कुणाला तरी काढायला सांगा (तुम्ही चढू नका) आणि पाठवा. सुलट लावीन.

आणखी एक. दुसऱ्या दिवशी घड्याळाला किल्ली दिली, कामावर गेले, नोंदीतली ओळ खोडली आणि लिहिलं: "एक पुरुष, डावीकडून तिसरा, बसची वाट पाहतो."