नावाखाली जिल्हा

अण्णा, आज नांदेडला माझ्या जुन्या सिनेमांचा कार्यक्रम झाला. एका बाईंनी विचारलं, तुमचं नाव पहिल्यांदा मोठ्या अक्षरात कुणी लिहिलं? मी म्हटलं, आमच्या अण्णांनी, उदगीरचे पेंटर. टाळ्या पडल्या आणि माझी छाती अशी फुगली म्हणता, ब्लाउजचा हूक तुटतो की काय! तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी म्हटलं, कळवावं.

लातूर जिल्हा नवा झाला ते दिवस आठवतात? पावसाचा पत्ता न्हाई, टँकरपुढं घागरींची रांग, आणि तुम्हाला मात्र मरायला फुरसत नव्हती. शाळा, सोसायटी, ग्रामपंचायत, सगळ्या पाट्यांवरचं ‘जि. उस्मानाबाद’ खरवडून ‘जि. लातूर’ लिहायचं. ब्रश पाण्यात न्हाई, रॉकेलात धुतात म्हणून दुष्काळातही आपला धंदा चालला, असं तुम्ही हसून म्हणायचात. पोरगा म्हणून घरातून गेलेली मी त्याच दिवसांत साडी नेसून परत आले. आई आधीच गेली होती, दारात तुम्ही एकटे. तुम्ही हाकललं न्हाई, पण नावानं हाकही मारली न्हाई. जुनं नाव ओठावर यायचं ते गिळायचात, नवं निघत नव्हतं. अरे न्हाई, अगं न्हाई. नुसतं, “ऐकू आलं का? भाकरी झाल्यात.” मला लई राग यायचा. भांडणारा बाप परवडला, मुका नको, असं एकदा तोंडावर बोलले. तुम्ही पत्रा खरवडत राहिलात.

मग आम्ही चौघा दोस्तांनी मिळून तो सिनेमा केला. हैदराबादहून भाड्यानं आणलेला कॅमेरा. सेन्सॉरचा कागद न्हाई, थेटर न्हाई, पोलिसांना सापडला तर जप्त. आणि नायिका मी! लग्नात नाचून हसवणारी न्हाई. रुसणारी, प्रेम करणारी, चांगली नायिका. सुरुवातीला नावं दाखवायला काळ्या पुठ्ठ्यावर अक्षरं पाहिजे होती. माझं नवं नाव चिठ्ठीवर लिहून मी तुमच्या पुढ्यात ठेवलं. हा माणूस लिहितो का चिठ्ठी परत देतो, एवढाच जिवाला घोर. तुम्ही चष्मा पुसला.

“अक्षर केवढं?”

“हिरोइनचं असतं तेवढं.”

“मग पिवळा लावावा लागंल,” म्हणालात. दुसऱ्या दिवशी पुठ्ठा तयार. घाईत कुणी धड वाचला न्हाई, कॅमेऱ्यात घेऊन मोकळे.

अमावास्येला धान्याचा मोंढा बंद, म्हणून भर दुपारी एका आडतीच्या गोदामात शटर ओढून खेळ लावलाय. माणसं तुरीच्या पोत्यांवर बसलीत, समोर पांढरी चादर. चादरीवर माझं नाव येतं, हे एवढालं, पिवळंजर्द. आणि त्याच्याखाली तितक्याच देखण्या अक्षरात, जि. लातूर. हाताची सवय! महिनोन्‌महिने प्रत्येक नावाखाली तेच लिहिलं, माझ्याखालीही लिहून टाकलंत. गोदाम खदाखदा हसतं. मागून कुणी ओरडतं, “आली बघा आपल्या जिल्ह्याची हिरोइन!” आणि शिट्ट्या सुरू. टवाळीच्या न्हाईत, तसल्या मी चांगल्या ओळखते.

संध्याकाळी तुम्हाला सांगितलं, तर कपाळावर हात मारून घेतलात. “अगं, मग आधीच सांगायचं न्हाई का? थांब, दुसरा करून देतो.” अगं म्हणालात. तुमच्या ध्यानातही आलं न्हाई. मी मोरीत जाऊन तोंडात पदर घालून रडले.

तो सिनेमा पुढं मुदखेड, हैदराबाद, पुणे असा बंद खोल्यांमधून फिरला, आणि जाईल तिथं लोक मला जिल्ह्याच्या नावानं हाक मारायचे. तुम्ही मात्र शेवटपर्यंत विचारत राहिलात, “ते दुरुस्त केलं न्हवं?” मी दर वेळी म्हणायचे, “हाव अण्णा, केलं.” आता हे पत्र कुठं टाकायचं न्हाई, म्हणून खरं लिहिते. तुम्ही रात्रीतून रंगवून दिलेला तो नवा पुठ्ठा मी कुणाला दाखवलाच न्हाई.