बटाट्याचे पॅनकेक: माझी पद्धत

३ मार्च, मंगळवार
ही परवापासून मेव्हणीकडे आहे. हवापालट. भांडण वगैरे म्हणता येणार नाही. रविवारी धाकटा भाऊ जेवायला आला होता, हिने बटाट्याचे पॅनकेक केले होते. मी एक बोटाने दाबून पाहिला आणि 'रिजेक्ट' म्हणालो. पाइपच्या कारखान्यात आयुष्यभर क्वालिटी तपासतोय, तोंडातून निघून गेलं. भाऊ हसला. ही हसली नाही. गॅस बंद केला आणि बॅग भरली.

वास्तविक मी फक्त खरं बोललो. पॅनकेक सादळलेले होते. नेहमीच असतात.

४ मार्च, बुधवार
निर्णय: पॅनकेक मी स्वतः करणार. बटाटा किसायचा, कांदा, अंडं, मीठ घालायचं, तळायचं. यात अवघड ते काय? रविवारपर्यंत हात बसेल. मग हिला बोलवायचं आणि एक कुरकुरीत पॅनकेक समोर ठेवायचा. माफी वगैरे मागायची वेळच येणार नाही.

संध्याकाळी: पहिला प्रयत्न. किसाला पाणी सुटलं, तव्यावर नुसता लगदा झाला. तो उलथन्याला चिकटला, उलथनं तव्याला. तवा जुना आहे. हिने केव्हाच बदलायला हवा होता. किसणीने बोटही सोललं. ब्रेड खाल्ला.

६ मार्च, शुक्रवार
आज कीस फडक्यात घालून घट्ट पिळला. फडकं म्हणजे माझा बनियन, पण धुतलेला होता. वाटीभर पाणी निघालं. प्रगती आहे. मात्र तेल तापायच्या आत घाई केली, त्यामुळे पहिला घाणा तेल पिऊन बसला. दुसऱ्या वेळी तेल नको इतकं तापलं. बाहेरून काळे, आतून कच्चे. तंत्राच्या दृष्टीने दोन्ही चुका मला आता ठाऊक आहेत, म्हणजे अर्धं काम झालंच.

शेजारीण धुराची चौकशी करून गेली. वहिनी दिसत नाहीत, असंही म्हणाली. हवापालट, म्हणालो. ती 'बरं' म्हणाली, पण त्या 'बरं'मध्ये बरंच काही होतं.

घर फार शांत आहे. टीव्ही मोठ्याने लावून ठेवतो.

७ मार्च, शनिवार
जमले! कडा खरपूस, आत मऊ. मुलीला हॉस्टेलवर फोटो पाठवला. तिचा लगेच फोन. तुझ्या आईला इतकी वर्षं जमलं नाही ते मी चार दिवसांत केलं, असं सांगितलं. ती म्हणाली, "बाबा, आईचे कुरकुरीतच असतात. मी आणि ती तव्यापाशी उभ्यानेच खातो. तुम्ही हाका मारूनही येत नाही. बातम्या संपल्या की येता, तोवर सादळतात."

पोरगी पहिल्यापासून आईच्या बाजूची. दमट हवेचा तिने विचारच केलेला नाही.

आज बातम्या लावल्या नाहीत. सहज.

मेव्हणीला फोन केला. ही उद्या दुपारी येतेय, बॅग घेऊन येतेय, पण भावजी तुम्ही जरा नीट वागा, असं ती म्हणाली. बॅग घेऊन! म्हणजे मिटलंच की.

८ मार्च, रविवार
ही आली. बॅग दाराशी ठेवली आणि सरळ ओट्यापाशी येऊन उभी राहिली. पहिला घाणा नुकताच उतरला होता. इतका सुरेख पुन्हा होणे नाही. तिने हात पुढे केला. मी म्हणालो, थांब, सगळे होऊ देत, एकदमच बसू.

तिला टेबलापाशी बसवलं. घाण्यावर घाणे काढले, एकावर एक नीट रचले, गार होऊ नयेत म्हणून वर झाकण ठेवलं. मधून मधून माझी पद्धत समजावत होतो. कीस कसा पिळायचा, तेल तापलं हे कसं ओळखायचं. तिने सगळं ऐकून घेतलं. रस वाटला असावा.

झाकण काढलं तर सगळे सादळलेले. मी बटाट्याची जात सांगितली, हवेबद्दल सांगितलं, तेलाबद्दलही. तिने एक पॅनकेक अर्धा खाल्ला आणि उठली.

"मला एकच हवा होता," ती म्हणाली. "गरम असताना."

बॅग उचलली. मी जिन्यापर्यंत मागोमाग गेलो. बोलायचं वेगळंच होतं, तोंडातून निघालं, डबा भरून देऊ का. नको म्हणाली.

९ मार्च, सोमवार
रजा टाकली. एक बटाटा उरला होता, त्याचा एकच पॅनकेक झाला. सोनेरी, उलथन्यावर वाजणारा. "अगं, ये लवकर, झालाय," मी हाक मारली. चांगली मोठ्याने मारली.

मग गॅस बंद केला. पॅनकेक चांगला झाला होता. फार वाईट वाटलं.