तीन कुत्र्यांची खाज

४ एप्रिल १९८३
बदलीचा सहावा अर्ज पाठवला. लातूर जिल्हा नवीन. माझी फाईल जुन्या जिल्ह्यात आहे की नव्यात, हे दोन्हीकडे कुणालाच माहीत नाही. हरकत नाही. महिनाभरात मी पुण्याच्या लॅबमध्ये असेन. तोवर गावात ओळखी वाढवायच्या नाहीत. कुणाच्या घरी गेलं की चहा होतो, चहा झाला की स्थळ निघतं.

५ एप्रिल
शेजारच्या रत्नम्मांनी कुत्रा दवाखान्यात आणला. नाव राजा. तांबडा, डावा कान फाटका, १७ किलो. लई खाजवायलाय बघा डॉक्टरीणबाई, म्हणाल्या. गोचीड, शिवाय अ‍ॅलर्जी. गोचिडाची पावडर आजपासून, आठवड्यातून एकदाच. खाजेच्या स्टेरॉइड गोळ्या चार दिवसांनी. दोन्ही एकदम सुरू केलं आणि बाधलं, तर कशानं ते कळत नाही. सगळं कागदावर लिहून दिलं.

८ एप्रिल
गिरणीवाल्या शिवलिंगआप्पांचा वाघ्या. तांबडा, डावा कान फाटका, १७ किलो. राजाचा भाऊ असावा. फाटका कान आनुवंशिक नसतो. वाचून बघावं लागेल. अंगाला पावडरीचा वास. लोक घरगुती उपाय करतात. औषध तेच. त्यानं ओळख असल्यासारखा माझा हात चाटला. प्रोत्साहन दिलं नाही.

१२ एप्रिल
गुणाबाईंचा मोत्या. तांबडा वगैरे. साडेसतरा, पाणी प्यायला असावा. मेलं रांजणात तोंड घालतंय, टँकर आठ दिवसानं येतो, ह्याला कुठून पाजू, म्हणून माझ्यावरच डाफरल्या. तीन कुत्रे, एक गल्ली, आठ दिवस. ही साथ आहे. रिपोर्ट लातूरला पाठवला, आलेखासह. असा रिपोर्ट वाचून मला इथं कोण ठेवेल?

१६ एप्रिल, सकाळी ७
राजा माझ्या दारात पडलेला. लाळ, थरथर, डोळ्यांच्या बाहुल्या टाचणीच्या डोक्याएवढ्या. पावडरीची विषबाधा. उतारा म्हणून अ‍ॅट्रोपीन टोचलं. वाघ्या आणि मोत्यालाही लगेच आणायला दवाखान्यातल्या ड्रेसर केरबाला सांगितलं. तो हललाच नाही. म्हणाला, बाई, त्यो ह्योच की. तीन घरी भाकर खातो. असल्या दुष्काळात एका घराला कुत्रं परवडतंय व्हय? मला वाटलं तुमाला ठाव हाय.

सकाळी ८
तिन्ही घरचे मालक आले. पावडर, गोळ्या, सगळं कागदाबरहुकूम दिलेलं. कागद दाखवले. तिन्हींवर सही माझीच. पावडर धुऊन काढायला हवी होती आणि माझ्याकडे पाणी अर्धी बादली. गुणाबाई गेल्या आणि रांजण रिकामा करून दोन घागरी घेऊन आल्या. मग बाकीचे दोघंही.

१९ एप्रिल
उभा राहिला. भाकरीचा तुकडा खाल्ला. गोळ्या एकदम बंद करता येत नाहीत, हळूहळू कमी करायच्या. यापुढे औषध एकाच घरी. कुणाच्या, यावर गल्लीत भांडण, म्हणून माझ्या. हे तात्पुरतं. रिपोर्ट मागे घ्यायचं पत्र उद्या लिहीन.

२ मे
पत्र लिहायचं राहिलं. लातूरहून उत्तर आलं. रिपोर्ट अत्यंत आवडला. नव्या जिल्ह्याची ही पहिलीच साथ, आणि साथ-नियंत्रणाची जबाबदारी माझ्यावर. तिन्ही रुग्ण बरे होऊन सहा महिने उलटल्याशिवाय बदलीचा विचार नाही. दर सोमवारी तिघांची वजनं कळवायची.

आज सोमवार. राजा १७. वाघ्या १७. तिन्ही आकडे सारखे संशयास्पद दिसतात, म्हणून मोत्याला पाव किलो वाढवलं.