दोन हजार विद्यार्थ्यांची खावटी

१ मे १९९६, लातूर. पहाटे.
नवा संकल्प. उज्वलाची खावटी, म्हणजे पोटगी, यापुढे वेळेवर द्यायची. कोर्टाचा हुकूम आहे म्हणून नाही, मी शब्दाचा पक्का आहे म्हणून. काही महिने थकलेत, पण ते कामाच्या गडबडीत. बायको माहेरी अहमदपूरला, मी इथे भूकंपानंतरच्या पत्र्याच्या शेडात फिजिक्स शिकवतो. सध्या विद्यार्थी अकरा. जूनमध्ये पोरांचा नुसता पूर येणार.

९ मे.
खावटीचे पैसे पाम्पलेटला गेले. हा उशीर नव्हे, इन्व्हेस्टमेंट आहे. छापलं: आदिनाथ सर, दोन हजार विद्यार्थी, शाखा नांदेड, देगलूर, मुखेड. खाली बोर्डात आलेल्या मुलाचा फोटो. मुलगा माझ्याकडे नव्हता, पण लातुरात त्याचा फोटो सहा क्लासवाल्यांनी छापलाय. मीच नाही छापला तर लोकांना शंका यायची. दिवसभर पाम्पलेट हातात घेऊन फिरलो.

१४ जून.
कोर्टाची नोटीस. उज्वलाने वसुलीचा अर्ज टाकलाय. एक फोन करता आला असता. माझे वकील दस्तगीरभाई म्हणाले की सर, खावटी म्हंजे लाइटबिल न्हाई, आधी जप्ती हाय, तेवढ्यात न्हाई भागलं तर जेल, थकल्या एकेका महिन्यापायी महिनाभर बसवतेत. भाई लई घाबरट. प्लॅन तयार आहे. कोर्टात सांगायचं, क्लास बुडाला, उत्पन्न शून्य. उसवलेला शर्ट काढून ठेवला.

२७ जून, संध्याकाळ.
अहमदपूर कोर्ट. शपथ घेतली, चेहरा पाडला. उत्पन्न शून्य म्हणणार तोच उज्वलाने पर्समधून माझं पाम्पलेट काढलं. तिथल्या स्टँडवर मीच वाटलं होतं. जजसाहेबांनी विचारलं की यातला मजकूर खरा आहे का. दस्तगीरभाईंनी माझा पाय दाबला. पण मागच्या बाकावर मुखेडचे रामकिशनराव, पुतण्याच्या जामिनासाठी आलेले. पोरीला माझ्याच क्लासला घालणार म्हणत होते. त्यांच्यासमोर अकरा कसं सांगू? छाती काढून म्हणालो, शब्द न् शब्द खरा. साहेब म्हणाले की म्हणजे ऐपत आहे. जप्तीचं वॉरंट काढलं. बाहेर उज्वला म्हणाली की तुमाला अजूनबी समजून न्हाई राहिलं. रामकिशनराव मात्र फुल इंप्रेस. ॲडमिशन पक्की.

८ जुलै.
भर लेक्चरमध्ये पोलीस. बाकं, फळा, पंखा, सगळं टेम्पोत. मी पोरांना सांगितलं की क्लास मोठ्या जागेत शिफ्ट होतोय. रामकिशनराव पोरीला घेऊन दारात उभे होते, ते तसेच माघारी गेले. गावाकडे काही अर्जंट काम निघालं असणार.

२० जुलै.
जप्तीत भागलं नाही, एका महिन्याचं राहिलंच. एक महिना कैद. खरं सांगायचं तर एकदम हलकं वाटतंय. महिनाभर बसायचं, थकबाकी साफ. एवढी सोपी स्कीम दुसऱ्या कुणाला कशी सुचली नाही? इथली शिस्त बघून रेसिडेन्शिअल बॅचची आयडिया आली. पहाटे उठवणं, मोजून जेवण, दाराला कुलूप. पालक तुटून पडतील.

४ ऑगस्ट, तुरुंग.
दस्तगीरभाई भेटायला आले. म्हणाले की सर, जेल भोगली म्हणून खावटी फिटत न्हाई, समदी द्यायचीच हाय, अन् तुमी बसल्या जागी जुलैचीबी चढली. वर उज्वलाने खावटी वाढवून मागितली आहे, दोन हजार विद्यार्थ्यांच्या हिशोबाने. मी म्हणालो, मग सांगून टाका की अकराच आहेत. भाई म्हणाले की मंग शपथंवर खोटं बोलल्याची येगळी केस निघंल.

मला रडू आलं. भाईंनी रुमाल दिला. डोळे पुसून मी विचारलं की उज्वला काही म्हणाली का. भाई म्हणाले, हाव, इचारत होती की दोन हजारातलं एखादं पोरगं तरी सरांना भेटायला आलं का.

अकरातलंही कुणी आलं नाही.