कळशी लवंडली तेव्हाचा रोल

१५ एप्रिल
शिरगाव. माहितीपटासाठी शांतारामच्या घरी तिसरा आठवडा. आता तो आणि त्याची बायको रुक्मिण, दोघंही कॅमेऱ्याकडे बघत नाहीत. एवढ्यासाठीच तर पंधरा दिवस रिकामा कॅमेरा घेऊन ओसरीवर बसले. माझा नियम: विचारायचं नाही, पुन्हा करून घ्यायचं नाही, मधे पडायचं नाही. पेडण्याला आई म्हणते, "मगीर तूं थंय करता तरी कितें गो?" बघते. हेच काम.

१६ एप्रिल
शां. खाणीवर टिपर चालवतो. आजपासून त्याचं व्रत. लईराई देवीचा धोंड, म्हणजे व्रत धरलेला भक्त; पाच दिवसांनी जत्रेत होमकुंडाच्या निखाऱ्यांतून चालणार. यांच्या घरचा दंडक: व्रतात आंघोळीचं पाणी विहिरीचंच, तेही स्वतः काढलेलं. खाण खोल गेली तशी घरची विहीर आटली. म्हणून वीस मिनिटं चालून दुसरीकडून कळशी आणतो. बाकी घर टँकरवर. गोवा राज्य होऊन वर्ष होत आलं, पाणी मात्र खाण देईल तेव्हा.

१८ एप्रिल
सकाळी शां. भरलेली कळशी मागीलदारी ठेवून जरा शेजारी गेला. वासरू सुटलेलं. कळशीकडे चाललेलं मला भिंगातून दिसत होतं. हाकललं नाही. नियम!
कळशी लवंडली. रु. धावत आली. शां.ला न्यायला खाणीची गाडी यायची वेळ झालेली. टँकरच्या पिंपातून कळशी भरली, होती तिथेच ठेवली. मग तिला मी दिसले. शूट चालूच होतं.
शां. आला, देवीचं नाव घेत अंगावर ओतून घेतलं. त्याला काहीच ठाऊक नाही.
एकदा 'हट्' म्हटलं असतं तर काय बिघडलं असतं? लाज वाटते.

१९ एप्रिल
शां. कामावर. रु. जवळ येऊन कालचं शूट फेकून द्यायला सांगते, "ताई, तें काडून उडय. वाड्यार कळ्ळें जाल्यार म्हाका कोण उबें करचे नात."
भांडी घासून परत आली. आता उलटंच, त्याला आगीत जाण्यापासून अडव म्हणून. "न्हय, ताका सांग. उज्यांत वचूं नाका म्हूण सांग. तुजें आयकतलो."
तूच सांग म्हटलं.
"म्हज्या तोंडांतल्यान कशें येतलें?"
माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही, असं पुण्यात शिकताना मिरवायचे. आज मात्र होमाला किती दिवस उरले ते मोजतेय.

२० एप्रिल
सांगणार होते. दोनदा उठले. शां. वेताच्या काठीला रंगीत गोंडे बांधत होता. म्हणाला, "ताई, फाल्यां लागीं राव. बरें दिसतलें." उद्या जवळ राहीन म्हणून मान हलवली. भित्री आहे मी, दुसरं काय.

२१ एप्रिल
पहाटे गेला निखाऱ्यांतून. माझा फोकस गेला असणार. तो हसत बाहेर आला. रु. डोळे मिटूनच उभी.

२२ एप्रिल
उजव्या तळव्याला फोड. लिंबाएवढा.
शेजारचे धोंड बघायला आले. एकाने विचारलंच, "व्रतांत कितें चुकलें रे?"
शां. चिडला नाही. "चुकूंक ना. ताई पयल्या दिसासावन आसा न्हय? तिच्या कॅमेऱ्यांत सगळें आसा." मग माझ्याकडे वळून, "केन्ना दाखयतली ताई? ह्या सगळ्यांक दाखय."
रु. दाराशी सूप घेऊन उभी. पाखडणं थांबलेलं.
"रोल धुवून येवंदी," एवढंच बोलले.
रोल क्र. १४, कळशीचा, अजून धुवायला मुंबईला गेलेला नाही. डबा उघडून उन्हात धरला की संपलं. मांडीवर घेऊन बसलेय. शां. ओसरीवरून माझ्याकडे बघतोय, रु. दारातून.